कॅमेऱ्यासमोरून कॅमेऱ्यामागे: नागपूरच्या बालकलाकार मुलीने सुरुवात कुठून करावी?

प्रश्न थोडक्यात असा: मुलगी सतरा वर्षांची, नागपुरात बारावीला. आठ ते अकरा या वयात एका मराठी चित्रपटात आणि दोन मालिकांत काम केलेलं. आता अभिनय नको म्हणते, पण सिनेमा सोडायचा नाही. बारावीनंतर लगेच मुंबईला पाठवावं का, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचा प्रयत्न करावा का, आणि नेमका विभाग कुठला धरावा, असं तिच्या वडिलांनी विचारलं आहे.

बारावीनंतर लगेच मुंबई नको. पदवी नागपुरातच करू द्या आणि त्या तीन वर्षांत तिला दोन गोष्टी हातात बसवू द्या: कंटिन्युइटी (एकाच सीनच्या वेगवेगळ्या शॉटमध्ये वस्तू, कपडे, हालचाली जुळत्या ठेवणं) आणि संकलन, म्हणजे एडिटिंग. मग मुंबई किंवा पुणे. माझं हे मत ठाम आहे, कारण बालकलाकार म्हणून आलेली मुलं एका ठरावीक ठिकाणी अडकतात. त्यांना सेट माहीत असतो, काम माहीत नसतं. कॉलटाइम म्हणजे काय, मार्कवर थांबायचं कसं, लुक कुठे द्यायचा, ‘कट’ म्हटल्याशिवाय हलायचं नाही, हे सगळं त्यांच्या अंगात असतं. पण शूटिंगच्या आधीचे दोन-तीन महिने आणि नंतरचे सहा महिने त्यांनी पाहिलेलेच नसतात. पटकथेचं ब्रेकडाउन (कुठल्या सीनला काय काय लागणार याचा तक्ता) होताना, लोकेशनची रेकी म्हणजे पाहणी होताना, शेड्युल तीनदा बदलताना, रशेस म्हणजे शूट झालेलं कच्चं फुटेज लावताना आठ वर्षांचं मूल तिथे असतंच कुठे? त्याला गाडी घ्यायला येते, सीन होतो, गाडी सोडायला जाते. डबिंगला एखादा दिवस बोलावतात, तेवढाच काय तो नंतरच्या कामाचा स्पर्श.

मोठी नावं पाहिली तरी ही वाट लांबचीच दिसते. सचिन पिळगांवकर १९६० च्या दशकात बालकलाकार म्हणून आले आणि दिग्दर्शक म्हणून १९८० च्या दशकात उभे राहिले. जुगल हंसराज १९८३ मध्ये लहान मुलगा म्हणून पडद्यावर आले, त्यांनी दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट २००८ चा. कुणाल खेमू यांचं बालकलाकार म्हणून काम १९९० च्या दशकातलं, दिग्दर्शनातलं पदार्पण २०२४ चं. हनी इराणी बालकलाकार होत्या, पटकथालेखिका म्हणून नाव झालं ते १९९० च्या दशकात. म्हणून ‘लहानपणी काम केलंय, ओळखी आहेत, दोन वर्षांत दिग्दर्शक होईल’ हा हिशेब घरात कुणी मांडत असेल तर तो आजच बाजूला ठेवा.

विभागाबद्दल. कॅमेरा, साउंड, आर्ट, कॉस्च्युम, प्रॉडक्शन, संकलन, दिग्दर्शन हे सगळे रस्ते खुले आहेत. तिला चित्रकलेची ओढ असेल तर आर्ट, यंत्रांची असेल तर साउंड किंवा कॅमेरा, हे उघडच आहे. पण अशी विशेष ओढ अजून दिसत नसेल, तर बालकलाकाराच्या अनुभवाचं सर्वांत लवकर चीज होतं ते दिग्दर्शन विभागात कंटिन्युइटी सांभाळण्यात. कलाकाराला एकच कृती पंधरा वेळा तशीच करताना कुठे अडचण येते, हे तिने शरीराने अनुभवलंय. बाहेरून आलेल्या नवीन सहायकाला ते कळायला दोन सिनेमे जातात.

आता कंटिन्युइटी म्हणजे नेमकं काय, हे एका सीनवरून सांगतो. समजा, दोघं मित्र सकाळी टपरीवर तर्री-पोहे खात भांडताहेत. दीड पानाचा सीन. सेटअप, म्हणजे कॅमेऱ्याच्या जागा, सहा: मास्टर (पूर्ण सीन एकाच शॉटमध्ये), दोघांचे एकेक ओव्हर-शोल्डर (समोरच्याच्या खांद्यावरून), दोघांचे एकेक क्लोज आणि फक्त प्लेटचा जवळून घेतलेला इन्सर्ट. सरासरी चार टेक धरले तर चोवीस वेळा प्लेट पुन्हा ‘सुरुवातीच्या’ स्थितीत हवी, आणि ती दोघांची. म्हणजे आर्ट विभागाला किमान पन्नास-साठ प्लेट पोह्यांची तयारी सांगावी लागते. ही संख्या शूटिंगच्या दिवशी सुचून उपयोग नाही. ब्रेकडाउन करतानाच ती कागदावर यायला हवी.

पहिल्या टेकच्या आधी कंटिन्युइटी सांभाळणारी मुलगी प्लेटचं माप लिहून घेते: पोहे एक वाटी, तर्री दोन पळ्या, वर आठ-दहा चणे, लिंबाची फोड कलाकाराच्या डाव्या हाताला, चमचा उजव्या. फोटो कॅमेऱ्याच्या बाजूने काढायचा, कलाकाराच्या बाजूने नव्हे, कारण पडद्यावर कॅमेऱ्याची बाजूच दिसणार आहे. ‘कट’ झाल्यावर कुणी प्लेट उचलायच्या आत दुसरा फोटो. मग शब्द आणि कृती यांची जोडी लिहायची: ‘मी येणार नाही’ मधल्या ‘नाही’ वर चमचा प्लेटमध्ये आपटला; पुढच्या वाक्याआधी घास गिळलेला होता, तोंडात नव्हता; ‘तुझ्या बापाला विचार’ म्हणताना डावी कोपर टेबलावर होती. संकलक कट मारतो तो बहुतेक वेळा अशा हालचालीवरच. मास्टरमध्ये चमचा ‘नाही’ वर पडला आणि क्लोजमध्ये ‘येणार’ वर, तर तो कट लागत नाही आणि चांगला टेक फुकट जातो.

यात बिघडतं काय? तर्री गार झाली की वरचा लाल तवंग फुटतो आणि रस्सा मळकट दिसतो. लाइटखाली पोहे सुकतात, पिवळा रंग उतरतो. म्हणून दर वीस-पंचवीस मिनिटांनी प्लेट ताजी मागायची, कुणी खाल्लं नसलं तरी. कलाकाराने मास्टरमध्ये उत्साहाने मोठे घास घेतले तर पुढचे वीस टेक त्याला तसेच घ्यावे लागतात. बाराव्या घासाला चेहऱ्यावर कंटाळा येतो. रिहर्सललाच दिग्दर्शकाच्या कानावर घालायचं की घास छोटे ठेवूया, आणि बाजूला थुंकायला वाटी ठेवायची. पांढऱ्या सदऱ्यावर तर्रीचा एक थेंब पडला तर? कॉस्च्युमकडे त्याच मापाचे, तितकेच धुतलेले तीन सदरे आहेत का, हे आदल्या दिवशी विचारलेलं असलं पाहिजे. कोरा करकरीत तिसरा सदरा असून नसल्यासारखा. कॅमेऱ्यात रंगाचा फरक लगेच दिसतो.

सर्वांत अवघड प्रसंग वेगळाच असतो. तिसऱ्या टेकला कलाकार काहीतरी नवं करतो, चमचा आपटण्याऐवजी प्लेट सरकवतो आणि दिग्दर्शक खूश होऊन तोच टेक ओके करतो. इथे ‘पण आधी तर चमचा आपटला होता’ असं मोठ्याने म्हणणारा सहायक पुढच्या सिनेमाला नसतो. शांतपणे दिग्दर्शकाला किंवा चीफला, म्हणजे मुख्य सहायक दिग्दर्शकाला सांगायचं: टेक तीन ठेवत असू तर क्लोजमध्येही प्लेट सरकवणं घ्यावं लागेल. निर्णय त्यांचा. कलाकाराला थेट दुरुस्ती सांगायची नाही, वस्तू चुकली तर आर्टला, कपडे चुकले तर ड्रेसमनला. बालकलाकार म्हणून आलेल्या मुली नेमक्या इथेच चुकतात, कारण अभिनय कसा करावा हे त्यांना कळत असतं आणि ते तोंडातून निघून जातं.

तिची रोजची कागदपत्रं अशी असतात: सीन क्रमांक, शॉट, टेक, लेन्स, कॅमेऱ्याचं कार्ड, साउंडची फाइल, टेकची लांबी (स्टॉपवॉचने), ओके की एनजी (‘नो गुड’, म्हणजे बाद) आणि एनजी असल्यास कारण. ‘फोकस’, ‘विमान’, ‘वाक्य चुकलं’ एवढं एका शब्दात पुरे, पण कारण हवंच. संकलकाला हवं असलेलं वाक्य कधीकधी एनजी टेकमध्येच असतं. याखेरीज एक रकाना नवखी मुलं कायम विसरतात: कथेतला दिवस. सीन १२ आणि सीन ४७ एकाच घरात म्हणून एकाच दिवशी शूट होतात, पण कथेत मधे तीन आठवडे गेलेले असतात. हातावरची जखम १२ मध्ये ताजी आणि ४७ मध्ये व्रण. कथेतला दिवस लिहिलेला नसेल तर मेकअपवाले काय लावणार?

पटकथेचं पान आठ भागांत मोजतात, सीन ‘दीड पान’ किंवा ‘पानाचा तीन अष्टमांश’ असा लिहितात. हे मोजणं तिला आजपासून सुरू करता येईल. कुठलीही दोन पानांची पटकथा घ्यावी, सीन वेगळे करावेत, प्रत्येकात कोण आहे, काय वस्तू आहे, कुठले कपडे, दिवस की रात्र, आवाजाची विशेष गरज आहे का, हे तक्त्यात उतरवावं. साधी एक्सेल शीट चालते.

क्लॅपही शिकून घ्यावी. क्लॅप म्हणजे सीन-टेकचे आकडे लिहिलेली, शॉटच्या सुरुवातीला आपटायची पाटी; बालकलाकारांना ओळखीची वस्तू, पण धरून पाहिलेली नसते. क्रम असा: साउंड रोल, साउंडकडून ‘स्पीड’, कॅमेरा रोल, कॅमेऱ्याकडून ‘रोलिंग’, मग सीन, शॉट, टेक मोठ्याने आणि स्पष्ट, क्लॅप, फ्रेममधून सरळ बाहेर, मग ‘ॲक्शन’. पाटी फ्रेममध्ये मोठी आणि फोकसमध्ये हवी, क्लोज असेल तर कलाकाराच्या नाकासमोर जोरात आपटायची नाही, हलकेच मिटायची. सुरुवातीला क्लॅप राहून गेली तर शॉटच्या शेवटी पाटी उलटी धरून द्यायची. आवाजाशिवायचा शॉट असेल तर पाटीच्या आपटायच्या काठ्यांमधे बोटं ठेवून दाखवायची, म्हणजे संकलक नसलेला आवाज शोधत बसत नाही. पुढच्या टेकचा आकडा ‘कट’ झाल्याबरोबर बदलायचा. ॲक्शनच्या आधी घाईत बदलायला गेलं की आकडे चुकतात आणि दोन ‘टेक ३’ तयार होतात.

आता संकलन. हे नागपुरात घरबसल्या शिकता येतं आणि माझ्या मते तेच आधी शिकावं, कारण कंटिन्युइटीत काय महत्त्वाचं आणि काय नाही हे टाइमलाइनवरच, म्हणजे शॉट ओळीने लावायच्या पट्टीवरच कळतं. डाव्हिन्ची रिझॉल्व्ह या संकलनाच्या सॉफ्टवेअरची मोफत आवृत्ती तिला पुढची तीन वर्षं पुरून उरेल. लॅपटॉपला किमान १६ जीबी रॅम आणि वेगळं ग्राफिक्स कार्ड असावं. कॅमेरा मात्र घेऊ नका. सुरुवातीला फोन पुरतो, नंतर लागेल तेव्हा भाड्याने मिळतो. तेच पैसे दोन चांगल्या हार्ड डिस्क आणि एका बऱ्या माइकवर घालवा.

फोनवरच्या फुटेजचा एक त्रास आधीच सांगून ठेवतो, नाहीतर पहिल्याच महिन्यात ती रडकुंडीला येईल. बरेचसे फोन फ्रेमरेट, म्हणजे सेकंदाला किती चित्रं हा आकडा, स्थिर ठेवत नाहीत. २५ लिहिलं असलं तरी मधे २४.७, मधे २५.३ होतं. वेगळा रेकॉर्ड केलेला आवाज सुरुवातीला जुळतो आणि पाच मिनिटांनी ओठ पुढे, शब्द मागे. संकलनाला घेण्याआधी फुटेज हँडब्रेक किंवा शटर एन्कोडर अशा व्हिडिओ बदलणाऱ्या सॉफ्टवेअरमधून स्थिर फ्रेमरेटवर काढून घ्यायचं. तसाच गोंधळ २४ आणि २३.९७६ मिसळले की होतो: साधारण ४२ सेकंदांत एक फ्रेम सरकते, तासाला ३.६ सेकंद. म्हणून प्रोजेक्ट उघडताना फ्रेमरेट आधी ठरवायचा. फुटेज टाकल्यावर तो बहुतेक ठिकाणी बदलता येत नाही. आवाज कायम ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट.

सराव असा करावा. दर महिन्याला एक, दोन पानांचा, दोन माणसांचा सीन. आते-मामे भावंडं चालतील. सहा सेटअप, आणि मुद्दाम उलट्या क्रमाने शूट करायचे: आधी क्लोज, शेवटी मास्टर. कंटिन्युइटी शीट पूर्ण भरायची. मग स्वतःच कापायचा. शीट आणि टाइमलाइन शेजारी ठेवून पाहिलं की कुठलं लिहायचं राहिलं ते तिथल्या तिथे दिसतं. अक्ष मोडला असेल, म्हणजे दोघांमधली काल्पनिक रेषा कॅमेऱ्याने ओलांडली असेल, तर दोघं एकाच दिशेला बघत बोलल्यासारखे दिसतील. अशा दहा सीननंतर तिच्याकडे जे येतं ते सहा महिन्यांच्या महागड्या कोर्समधून येईलच असं नाही.

डेटा सांभाळण्याची शिस्तही याच सरावात लावून घ्यावी. नियम सोपा आहे: दोन वेगवेगळ्या डिस्कवर पडताळलेली कॉपी झाल्याशिवाय कार्ड फॉरमॅट करायचं नाही. ‘पडताळलेली’ म्हणजे चेकसम (फाइलमधल्या मजकुरावरून निघणारा ओळख-आकडा) मूळ फाइलशी जुळवलेली. रिझॉल्व्हमधलं क्लोन टूल ते करतं. फोल्डर ओढून सोडून दिला आणि प्रगतिपट्टी संपली म्हणून कॉपी झाली असं धरणं, इथेच शूटिंगचे दिवस बुडतात. वेळेचा अंदाजही हवा. यूएचडी (४के) चित्र, सेकंदाला २५ फ्रेम, प्रोरेस ४२२ एचक्यू हा फाइलचा प्रकार, या सेटिंगवर तासाभराचं फुटेज सुमारे ३३० जीबी होतं. साध्या हार्ड डिस्कवर सेकंदाला १२० एमबी या वेगाने पाऊण तास लागतो, सेकंदाला ५०० एमबी घेणाऱ्या एसएसडीवर अकरा-बारा मिनिटं, पडताळणीचा वेळ वेगळा. जेवणाच्या सुट्टीत दोन कार्डं रिकामी करायची असतील तर कुठली डिस्क लागेल, हे गणित तोंडपाठ असलेली मुलगी प्रॉडक्शनला आवडते.

आवाजाचं थोडक्यात. माइक फ्रेमच्या अगदी काठापर्यंत जवळ, संवादाचे उंच टोक उणे १२ ते उणे ६ डेसिबलच्या दरम्यान, आणि प्रत्येक जागेचा रूम टोन, म्हणजे कुणी बोलत नसतानाचा तिथला आवाज, तीस सेकंद ते एक मिनिट. नागपुरातल्या मे महिन्यात खरी अडचण कूलरची. पंखा बंद केला तरी पंप चालू राहतो आणि ताट्यांवरून पाणी टिपकण्याचा आवाज संवादाखाली येऊन बसतो. पंखा आणि पंप दोन्ही बंद करायला एक माणूस नेमून ठेवा. पारा ४५ ला गेला की फोन तापून रेकॉर्डिंग मधेच थांबतं. घरातले संवादाचे सीन सकाळी सहा ते दहात उरकलेले बरे.

नागपुरात माणसांबरोबर काम शिकायची जागा म्हणजे नाटक. राज्य नाट्य स्पर्धेचं नागपूर केंद्र, महाविद्यालयांच्या एकांकिका, बालनाट्यं, यांत रंगमंच व्यवस्था आणि प्रकाशयोजनेला हात कायम कमी पडतात. तिला तिथे प्रॉम्प्टर किंवा रंगमंच व्यवस्थापक म्हणून घुसवा, नट म्हणून नको. नट म्हणून घ्यायला ते लगेच तयार होतील, चेहरा ओळखीचा आहे ना! दिवाळीनंतर होळीपर्यंत झाडीपट्टीचा, म्हणजे पूर्व विदर्भातल्या गावोगावच्या नाटकांचा हंगाम असतो. वडसा म्हणजे देसाईगंज हे त्याचं केंद्र. रात्रभर चालणाऱ्या त्या प्रयोगांत कपडेपट, वस्तू, माइक आणि संगीत यांची जी धावपळ चालते, ती पाहिलेल्या मुलीला मालिकेच्या सेटवरचा गोंधळ सोपा वाटतो. रात्रीचा प्रवास आहे, तेव्हा ओळखीच्या मंडळाबरोबर आणि अठरा पूर्ण झाल्यावरच. लग्नाच्या व्हिडिओचे स्टुडिओ हीसुद्धा संकलनाची चांगली शाळा आहे: बारा तासांच्या फुटेजमधून वीस मिनिटं काढणं सोपं नाही. फक्त तीन-चार महिन्यांत तिथून निघावं, नाहीतर हात एकाच साच्यात अडकतो.

आता एक असं क्षेत्र, जिथे तिची किंमत पहिल्या दिवसापासून इतरांपेक्षा जास्त असेल: लहान मुलं असलेले सीन. इथे कायदा नीट माहीत असणारे सहायक फार कमी आहेत. १९८६ च्या बालकामगार कायद्यात २०१६ मध्ये आणि त्याच्या नियमांत २०१७ मध्ये बदल झाले. त्यानुसार चौदा वर्षांखालच्या मुलाला दिवसात पाच तासांपेक्षा जास्त काम देता येत नाही, सलग तीन तासांवर विश्रांतीशिवाय नाही, सलग सत्तावीस दिवसांपेक्षा जास्त नाही. जिथे शूटिंग होणार त्या जिल्ह्याच्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी निर्मात्याने घ्यायची असते. रामटेकचं शूटिंग नागपूर जिल्ह्यात येतं, पण युनिट भंडाऱ्यात गेलं की परवानगी वेगळी. पाच मुलांमागे किमान एक जबाबदार व्यक्ती नेमावी लागते. मुलाच्या मनाविरुद्ध काम घेता येत नाही आणि शाळा बुडू द्यायची नाही.

पाच तास हातात असले की शेड्युल वेगळं आखावं लागतं. मुलाचे सगळे शॉट आधी, समोरच्या मोठ्या कलाकाराचे क्लोज नंतर. मूल घरी गेल्यावर त्याची वाक्यं कुणीतरी वाचायची असतात, आणि वाचणाऱ्याने मुलाच्या उंचीवर बसून वाचायला हवं, नाहीतर मोठ्या कलाकाराची नजर वर जाते आणि कट लागत नाही. स्टँडला मुलाच्या डोळ्यांच्या उंचीवर टेपचा तुकडा चिकटवून ठेवला की काम भागतं. मुलाला ‘रड’, ‘घाबर’ असं सांगायचं नाही, कृती द्यायची: पिशवी घट्ट धर, दाराकडे बघत राहा. पालकांनी घरी वाक्यं घोकून घेतलेली असतील तर सूर दगडासारखा पक्का होतो. म्हणून पालकांना वाक्यं उशिरा द्यावीत आणि हावभाव शिकवू नका असं स्पष्ट सांगावं. प्रत्येक टेकनंतर सगळं युनिट टाळ्या वाजवतं हेही वाईटच, मूल मग टाळ्यांसाठी तेच तेच करू लागतं. तुमच्या मुलीला हे कुणी शिकवायला नको. तिने ते लिहून काढावं, आणि लहान मुलांच्या कार्यशाळा घेणाऱ्या किंवा कास्टिंग करणाऱ्या लोकांना तेच दाखवावं.

पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट, म्हणजे एफटीआयआय: दिग्दर्शन व पटकथा, छायाचित्रण, संकलन, ध्वनी, कला दिग्दर्शन हे तीन वर्षांचे अभ्यासक्रम पदवीनंतरचे आहेत. म्हणजे बारावीनंतर तो प्रश्नच येत नाही. ध्वनीसाठी बारावीला फिजिक्सची अट राहिली आहे आणि कला दिग्दर्शनासाठी उपयोजित कला, चित्रकला, वास्तुरचना अशा शाखांची पदवी लागत आली आहे. तिचा कल आर्टकडे असेल तर नागपूरचं शासकीय चित्रकला महाविद्यालय किंवा वास्तुरचनेची पदवी हा निर्णय आत्ताच घ्यावा लागेल. अर्ज करताना त्या वर्षीची माहितीपत्रिका वाचा, तपशील बदलतात. मुंबईतल्या खासगी संस्था बारावीनंतर घेतात, पण फी फार मोठी असते. कर्ज काढून तिथे पाठवू नका, कारण पहिली दोन-तीन वर्षं सहायकाच्या मानधनातून हप्ता निघत नाही.

मुंबईला जाताना आधी मालिका की सिनेमा? मी मालिका म्हणेन, सहा-आठ महिने. रोज सीन उभे राहतात, हात वेगवान होतो, बारा तासांच्या शिफ्टची सवय लागते. मराठी मालिका मुंबई-ठाण्याबरोबर कोल्हापूर, सातारा, नाशिककडेही शूट होतात. राहणं तिथे स्वस्त पडतं. पण सहा-आठ महिन्यांपेक्षा जास्त थांबलं तर प्रत्येक सीन घाईतच करायची सवय जडते. काम स्वीकारताना चार गोष्टी लेखी, निदान व्हॉट्सॲपवर तरी घ्याव्यात: मानधन किती, ते कधी मिळणार, राहणं-प्रवास कुणाकडे, श्रेयनामावलीत नाव काय म्हणून. दहा किंवा जास्त माणसं काम करत असतील तिथे २०१३ च्या कायद्यानुसार लैंगिक छळाविरुद्धची अंतर्गत समिती असावी लागते. तिच्या अध्यक्षांचं नाव विचारणं हा तिचा हक्क आहे आणि ते पहिल्या दिवशीच विचारावं. सिनेमा कामगारांच्या संघटनांची सभासद कार्डं विभागानुसार वेगळी असतात, दिग्दर्शन सहायकांची वेगळी, संकलकांची वेगळी. कार्डासाठी मधल्या माणसाला पैसे देऊ नका, संघटनेच्या कार्यालयातच जा.

तुमच्यासाठी एक विनंती: सेटवर जाऊ नका. बालकलाकार असताना आई-बाबा सोबत असणं आवश्यक होतं; सहायक म्हणून ती उभी असताना वडील मागे दिसले की युनिट तिला पुन्हा लहान मूल समजतं. आणि ‘कुणी आलं नाही, तो छोटा रोल तूच कर’ हे तिला हमखास ऐकावं लागेल. ती फ्रेममध्ये गेली की त्या सीनची शीट कोण लिहिणार? पहिली दोन वर्षं तिने नम्रपणे नाही म्हणावं.

पैशांचं एक काम लगेच करा. २०१७ च्या त्याच नियमांनुसार मुलाच्या कमाईचा किमान २० टक्के भाग निर्मात्याने राष्ट्रीयीकृत बँकेत मुलाच्या नावे मुदत ठेवीत टाकायचा असतो आणि अठरा पूर्ण झाल्यावर तो तिला मिळतो. ती चौदाच्या आत असतानाची, २०१७ नंतरची कामं कुठली ते पाहा आणि ठेवीच्या पावत्या शोधा. सापडत नसतील तर जुना करार आणि बँक खात्याचे उतारे घेऊन निर्मात्याच्या कार्यालयाला लेखी पत्र द्या. लॅपटॉप आणि डिस्कचा खर्च त्यातून निघू शकेल. अल्पवयीन असताना काढलेल्या पॅनवर फोटो-सही नसते, अठराव्या वाढदिवसानंतर ते अद्ययावत करा. टीडीएस कापला जाणारं पहिलं मानधन येण्याआधी हे झालेलं बरं.

आणि शेवटी अर्जाचा मजकूर. चीफ असिस्टंटला पाठवायच्या मेलमध्ये लहानपणीचे फोटो नकोत, पुरस्कारांची यादी नको. पाच-सहा ओळी पुरतात: नाव, वय, कुठल्या तारखेपासून मोकळी आहे, मुंबईत राहायची सोय आहे की नाही, येणाऱ्या भाषा, आणि ‘कंटिन्युइटी आणि क्लॅप करू शकते, रिझॉल्व्हवर लाइनअप (ओके टेक क्रमाने लावणं) करू शकते’. सोबत एका सीनची भरलेली कंटिन्युइटी शीट पीडीएफमध्ये आणि त्याच सीनचा दोन मिनिटांचा कट, लिंक उघडते ना हे दुसऱ्या फोनवर तपासून. बालकलाकार म्हणून केलेल्या कामाचा उल्लेख शेवटच्या ओळीत, एका वाक्यात. उत्तर आलं नाही तर पंधरा दिवसांनी एकदा आठवण, त्यानंतर नवीन सीनचा कट तयार झाला की मगच पुढचा मेल.